श्रेयनामावलीतले एक नाव

“तुम्ही मराठी छान बोलता हो!” हे वाक्य पेण-रोह्याकडच्या बहुतेक मुसलमानांनी कधी ना कधी ऐकलेले असते. एस.टी.च्या प्रवासात, नोकरीच्या पहिल्या दिवशी, नाहीतर मुलाच्या शाळेतल्या पालकसभेत. बोलणाऱ्याच्या मनात काही वाईट नसते. तो कौतुकच करत असतो. पण हे कौतुक कोणत्याही देशमुखाच्या, म्हात्र्याच्या किंवा पाटलाच्या वाट्याला येत नाही, ते आपल्याच वाट्याला येते. आमच्या घरात पाच पिढ्या हीच बोली बोलल्या गेल्या. लग्नाच्या हळदीला बायका गाणी म्हणतात ती याच बोलीत, आणि मयताच्या घरी सांत्वन होते तेही याच बोलीत. तरीही नाव सांगितले की समोरच्याला आमच्या मराठीचे नवल वाटते.

या नवलाला आमच्या पिढीने अनेक उत्तरे शोधली. कोणी चिडले, कोणी हसून सोडून दिले, कोणी मुलांना उर्दू शाळेत घालून टाकले. आमच्यापुरते म्हणाल, तर आम्हाला एक उत्तर सिनेमाच्या पडद्यावर मिळाले. चित्रपट सुरू होताना जी नावे येतात, त्यांत शेवटी दिग्दर्शकाचे नाव येते. १९७७ नंतर कधीतरी त्या जागी आम्ही वाचले : डॉ. जब्बार पटेल. मराठीतले महत्त्वाचे चित्रपट करणाऱ्या माणसाचे नाव जब्बार आहे, ही गोष्ट त्या वयात आम्हाला किती मोठी वाटली, हे आज तरुणांना सांगून पटणार नाही.

सिनेमा ही मूळची फ्रेंचांची देणगी. लुमिएर बंधूंची हलती चित्रे मुंबईत वॉटसन हॉटेलात ७ जुलै १८९६ रोजी दाखवली गेली, आणि आपल्याकडे या खेळाची सुरुवात झाली. सिनेमाकडे साहित्यासारखे बघायला शिकवले तेही फ्रेंचांनीच. आलेक्झांद्र आस्त्र्युक या लेखक-दिग्दर्शकाने १९४८ मध्ये मांडले की कॅमेरा ही दिग्दर्शकाची लेखणी आहे. पुढे १९५४ मध्ये फ्रान्स्वा त्र्युफो नावाच्या तरुण समीक्षकाने फ्रान्समधल्या नामवंत पटकथालेखकांवर सडकून टीका केली. चित्रपटाचा खरा कर्ता दिग्दर्शकच, असा त्याचा आग्रह होता. पाच वर्षांनी त्याने स्वतःचा पहिला मोठा चित्रपट काढला, आपल्या बालपणाच्या जखमांवर बेतलेला. अनाथासारखा वाढलेला, शाळेतून पळणारा, सिनेमाघरात लपून बसणारा मुलगा जगातला थोर दिग्दर्शक झाला. कॉलेजात असताना आम्ही हे वाचले तेव्हा साहजिकच मनात आले, की मग आपले जब्बार पटेल यांच्यात कुठे बसतात?

ते त्या चौकटीत बसत नाहीत, आणि आमच्या मते हीच त्यांची खरी गंमत आहे. त्र्युफो स्वतःची गोष्ट सांगत आला. जब्बार पटेल दुसऱ्यांनी लिहिलेले वाचत आले. त्यांच्या कामाची यादी काढून बघा. विजय तेंडुलकर, गो. नी. दांडेकर, अरुण साधू, शांता निसळ, पु. ल. देशपांडे, ना. धों. महानोर. ही यादी एखाद्या चांगल्या मराठी ग्रंथालयाच्या कपाटासारखी आहे. कॅमेरा हातात घेण्याआधी हा माणूस मराठीचा वाचक होता. आपल्यासारख्यांच्या दृष्टीने यात फार मोठा अर्थ आहे. भाषेवरचा हक्क जन्मदाखल्यावरून सिद्ध होत नसतो. वाचून, जगून, त्या भाषेत काहीतरी करून दाखवून तो मिळवावा लागतो, आणि एकदा मिळवला की कोणाला काढून घेता येत नाही.

त्यांचा जन्म १९४२ चा, पंढरपूरचा. विठोबाच्या गावी जन्मलेला मुसलमान मुलगा ही गोष्ट महाराष्ट्राबाहेरच्याला सांगितली तर कथा वाटेल. शेख महंमदांची परंपरा असलेल्या आपल्या मुलखात मात्र त्यात विशेष काही नाही. वडील रेल्वेत होते. शिक्षण सोलापुरात झाले आणि पुढे पुण्याच्या बी. जे. मेडिकल कॉलेजात. ते बालरोगतज्ज्ञ झाले आणि दौंडला दवाखाना चालवू लागले. दिवसा लहान मुलांना तपासायचे आणि तालमीसाठी पुणे गाठायचे, असा त्यांचा क्रम होता. आम्हाला हा तपशील महत्त्वाचा वाटतो. आपल्या मोहल्ल्यात एखाद्या मुलाने नाटकाचे नाव काढले की घरचे म्हणतात, “आधी पोटापाण्याचे बघ.” त्यांचे चुकते असे नाही. डॉक्टरांनी पोटापाण्याचे बघितले आणि नाटकही सोडले नाही.

१६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्याच्या भरत नाट्य मंदिरात ‘घाशीराम कोतवाल’चा पहिला प्रयोग झाला. संस्था प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन, लेखक तेंडुलकर, संगीत भास्कर चंदावरकरांचे, नृत्ये कृष्णदेव मुळगुंदांची, नाना फडणवीस झाले होते मोहन आगाशे. रंगमंचावर माणसांचीच रांग उभी. तीच भिंत, तोच पडदा, तेच पुण्याचे ब्राह्मण, तीच गर्दी. कीर्तन, दशावतार, तमाशा असे सगळे आपल्या मातीतले घेऊन सत्तेची गोष्ट सांगितली होती : सत्ता आपल्या सोयीसाठी राक्षस कसा तयार करते आणि काम झाले की त्याला जमावाच्या हवाली कशी करते. नाटकावर ब्राह्मणद्वेषाचा आणि नानांच्या बदनामीचा आरोप झाला. संस्थेच्या वडीलधाऱ्यांनी प्रयोग थांबवले. तरुण मंडळी बाहेर पडली आणि १९७३ मध्ये थिएटर अकॅडमी स्थापन झाली. १९८० मध्ये नाटक युरोपच्या दौऱ्यावर निघाले तेव्हा पुन्हा विरोध उसळला.

या वादळात दिग्दर्शकाचे नाव जब्बार होते, हे विसरू नका. पेशवाईवरचे नाटक, त्यात नाना फडणवीस, आणि ते बसवणारा मुसलमान! असा प्रसंग आपल्यापैकी कोणावर आला असता तर घरच्यांनी काय सांगितले असते, हे आम्हाला चांगले ठाऊक आहे. “आपण कशाला त्यांच्या भानगडीत पडायचे?” हेच सांगितले असते. या ‘त्यांच्या’ शब्दातच आपली सगळी भीती भरलेली आहे. पेशवाई त्यांची, संत त्यांचे, राजकारण त्यांचे, मग आपले काय उरले? जब्बार पटेलांनी हा ‘त्यांचे-आपले’ हिशेब मांडलाच नाही. महाराष्ट्राचा इतिहास हा आपलाच इतिहास, मग त्याची चिकित्साही आपणच करायची, इतक्या सरळपणे ते कामाला लागले.

‘सामना’ हा त्यांचा पहिला महत्त्वाचा चित्रपट. निर्माते रामदास फुटाणे, लेखक तेंडुलकर. साखर कारखानदारीतला हिंदुराव पाटील म्हणजे निळू फुले आणि दारूच्या आहारी गेलेला मास्तर म्हणजे श्रीराम लागू. १९७५ मध्ये हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेसाठी गेला. पण आमच्या मुलखाशी त्यांची खरी गाठ पडली ती १९७७ च्या ‘जैत रे जैत’मुळे.

पनवेलहून पेणकडे येताना डाव्या हाताला कर्नाळ्याचा सुळका दिसतो, उभ्या अंगठ्यासारखा. त्या कड्यावर आग्या मोहोळे लटकलेली असतात. गो. नी. दांडेकरांची कादंबरी त्याच्या पायथ्याच्या ठाकरांची आहे. ढोल वाजवणाऱ्याचा मुलगा नाग्या, त्याला पुण्यवंत व्हायचे आहे. राणीमाशी डोळ्याला डसते, डोळा जातो, आणि मग तो डोंगरावरचे मोहोळच उतरवायला निघतो. नवऱ्याला सोडून आलेली चिंधी त्याला साथ देते आणि त्या चढाईत जीव गमावते. मोहन आगाशे, स्मिता पाटील, निळू फुले. उषा मंगेशकरांची निर्मिती, महानोरांचे शब्द आणि हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत. गाण्यांमधूनच गोष्ट पुढे सरकते.

त्या वेळी आमच्या जिल्ह्याचे नाव कुलाबा होते. रायगड ते १९८१ मध्ये झाले. रोह्याला रेल्वेही नव्हती, ती १९८६ मध्ये आली. पेणच्या बाजारात ठाकर-कातकरी बाया डोक्यावर मोळ्या, पावसाळ्यात रानभाज्या, उन्हाळ्यात करवंदे आणि कधी बाटलीत मध घेऊन यायच्या. मोहल्ल्यात त्यांचे येणे ठरलेले असे. आमच्या दादीचा एका ठाकरणीशी मधाचा व्यवहार होता. पैशाबरोबर तांदूळ, जुनी लुगडी, ईदला शिरखुर्मा. दादी मध बोटावर घेऊन चाखायची आणि साखरेचा पाक मिसळला आहे की नाही ते सांगायची. पण तो मध डोंगरावरून खाली येतो कसा, हे आमच्यापैकी कोणी कधी विचारले नव्हते.

चित्रपट पाहून आल्यावर आम्ही दादीला गोष्ट सांगितली. ती सिनेमाला कधी गेली नाही, पण ऐकायची मन लावून. नाग्याचा डोळा गेला इथे ती हळहळली. चिंधी मेली हे ऐकल्यावर बराच वेळ गप्प बसली. मग म्हणाली, “माशीला डोंगरात घर बांधायला अल्लानं सांगितलंय. ते तोडायला गेला, त्याचं काय होणार?” कुराण शरीफमधली सोळावी सूरह मधमाशीच्या नावाची आहे, सूरह नहल. डोंगरात, झाडांत घरे करण्याची प्रेरणा माशीला अल्लाहने दिली, आणि तिच्या पोटातून निघणाऱ्या पेयात माणसांसाठी शिफा आहे, असे त्यात सांगितले आहे. दादीला मराठी लिहिता-वाचता येत नव्हते. तिने ठाकरांची गोष्ट आपल्या किताबातून समजून घेतली. थोड्या वेळाने तीच पुढे म्हणाली, “पण बाईनं साथ पुरी दिली हो.” पुढच्या खेपेला ती ठाकरीण मध घेऊन आली तेव्हा दादीने तिला ओटीवर बसवले, चहा दिला आणि विचारले, “तुझ्या घरचं कोण चढतं गो डोंगरावर?” इतक्या वर्षांच्या व्यवहारात हा प्रश्न पहिल्यांदाच विचारला गेला. आमच्या मते चांगल्या चित्रपटाला याहून मोठे पारितोषिक नाही, जरी ‘जैत रे जैत’ला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

१९७९ मध्ये ‘सिंहासन’ आला, अरुण साधूंच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्यांवरचा. सत्तेचा खेळ जवळून बघणारा पत्रकार दिगू टिपणीस निळू फुल्यांनी उभा केला. तीन वर्षांनी ‘उंबरठा’ आला. शांता निसळांची ‘बेघर’ ही कादंबरी, पटकथा तेंडुलकरांची. सुलभा महाजन घर सोडून महिला सुधारगृहाची अधीक्षक होते, तिथला भ्रष्टाचार बघते, लढते, हरते, आणि परत येते तेव्हा नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई असते. ती पुन्हा घराबाहेर पडते.

हा चित्रपट आम्ही रोह्याला मामूंच्या घरी व्हीसीआरवर पाहिला. साल १९८५ असावे, कारण शाहबानो निकालाची चर्चा घरोघर चालू होती. पुरुष बाहेरच्या खोलीत शरीयतवर तावातावाने बोलत होते, बायका आत सिनेमा बघत होत्या. आमची एक खाला लग्नानंतर चारच वर्षांत माहेरी परत आलेली होती. मेहेरची रक्कम कागदावर होती, हातात आली नव्हती. चित्रपट संपल्यावर ती उठली, चहाच्या कपबशा गोळा केल्या आणि बाहेर जाऊन एवढेच म्हणाली, “तुमचं सगळं बोलून झालं का? आत त्या बाईला विचारा, तिला काय पाहिजे होतं.” बाहेरच्या खोलीत शांतता पसरली. मामूंनी दुसऱ्याच दिवशी वकिलाकडे जायचे ठरवले. सुलभा महाजन हिंदू आहे की कोण, हा प्रश्न त्या रात्री कोणाच्याही मनात आला नाही. उंबरठा सगळ्यांच्या घराला असतो.

पुढे डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ हे महिने आले. मुंबईत नोकरी करणारी आमच्याकडची माणसे पोरेबाळे घेऊन गावी परतली. कोणी जळालेले दुकान मागे टाकून आला, कोणी नुसताच जीव घेऊन आला. त्यानंतर काही वर्षे अनोळखी ठिकाणी नाव सांगताना जीभ अडखळत असे. आमच्या ओळखीच्या एका तरुणाने मुंबईत भाड्याची खोली बघताना नुसते आडनाव सांगितले, घरमालकाला तो मराठा वाटला, खोली मिळाली. महिनाभराने पूर्ण नाव कळले आणि खोली गेली. अशा दिवसांत, १९९४ मध्ये, ‘मुक्ता’ आला. अमेरिकेतून आलेली तरुणी आणि दलित चळवळीतला कवी यांची ती गोष्ट. राष्ट्रीय एकात्मतेवरील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा नर्गिस दत्त पुरस्कार त्याला मिळाला. त्या दिवसांत पडद्यावर ‘जब्बार’ हे नाव मोठ्या अक्षरांत बघताना आम्हाला काय वाटले असेल, याची कल्पना वाचकांनी करावी.

२००० मध्ये त्यांचा ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ हा इंग्रजी चित्रपट प्रदर्शित झाला. बाबासाहेबांच्या भूमिकेत मल्याळी अभिनेते मामुट्टी होते आणि त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बाबासाहेबांचे चरित्र पडद्यावर आणणारा दिग्दर्शक मुसलमान आणि ती भूमिका करणारा नटही मुसलमान, हा नुसता योगायोग मानायला आम्ही तयार नाही. आमच्याच जिल्ह्यातल्या महाडला २० मार्च १९२७ रोजी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले गेले. त्यानंतर सत्याग्रहींवर हल्ले झाले तेव्हा अनेकांना मुसलमानांच्या घरांत आसरा मिळाला. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये दुसऱ्या परिषदेला कोणी जागा देईना, तेव्हा फत्तेखान नावाच्या मुसलमान गृहस्थांनी आपली जागा दिली. ही गोष्ट आपल्या मुलांना शाळेत शिकवली जात नाही, आणि आपणही घरी सांगत नाही. महाडच्या पुण्याईत आपला एक छोटासा वाटा आहे, हे कळले तर मुलांची मान थोडी ताठ होईल आणि जबाबदारीही वाढेल.

आता थोडे कडू. डॉक्टरांवर एक आक्षेप आमच्या मित्रमंडळींत नेहमी घेतला जातो. रोह्याला कुंडलिकेच्या काठी संध्याकाळी बसलो की कोणी ना कोणी तो काढतोच. “ठाकर दाखवले, साखरसम्राट दाखवले, मंत्री दाखवले, तमाशातला सोंगाड्या दाखवला, दलित चळवळ दाखवली. आपले घर कुठे आहे? मराठी मुसलमानाचे घर मध्यभागी ठेवून एकही गाजलेला चित्रपट त्यांनी का केला नाही?” आक्षेप खोटा नाही. हिंदी सिनेमाने आपल्याला नवाब, कव्वाल, तवायफ आणि पुढे पुढे अतिरेकी केले. तांदळाची भाकरी आणि सुक्या मासळीची चटणी खाणारा, भाताच्या खाचरात गुडघाभर चिखलात उभा राहणारा, आखाताच्या नोकरीसाठी जमीन गहाण टाकणारा मुसलमान पडद्यावर जवळजवळ आलाच नाही. मग मुसलमान दिग्दर्शकाने तरी तो आणायला नको होता का?

आम्ही या प्रश्नावर पुष्कळ विचार केला आहे. आमचे म्हणणे असे. जब्बार पटेलांनी आपल्याला ‘मुसलमानांचे दिग्दर्शक’ होण्याच्या कोपऱ्यात बसू दिले नाही, म्हणूनच ते ‘सिंहासन’ करू शकले. ब्राह्मण लेखकाने ठाकरांवर लिहायचे, आणि मुसलमानाने मात्र फक्त मुसलमानांवरच बोलायचे, ही सक्ती कोणी केली? आपणच जर ती केली, तर “मराठी छान बोलता हो” म्हणणाऱ्यात आणि आपल्यात फरक काय राहिला? आणि दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. ते वाचून चित्रपट करणारे दिग्दर्शक. कपाटात पुस्तक असेल तर ते पडद्यावर येईल. गोनीदांनी डोंगर पायाखाली घातले तेव्हा ‘जैत रे जैत’ झाली. शांताबाईंनी लिहिली तेव्हा ‘उंबरठा’ झाला. आपण काय लिहून ठेवले? हमीद दलवाईंचे ‘इंधन’ १९६५ मध्ये आले, कोकणातल्या गावाची कादंबरी. त्यांच्या मतांशी कोणाचे जमो न जमो, गाव त्यात जिवंत आहे. त्यानंतर आपल्या कथाकारांनी, कवींनी आणि बायकांनी लिहिले, पण मोहल्ल्यांत न सांगितलेले जे पडून आहे त्याच्या मानाने ते थोडेच. दादीची ओटी, खालाचे मेहेर, आखातातून आलेली कॅसेटवरची पत्रे, मुंबईहून रात्री परतलेली कुटुंबे, हे सगळे कोणी लिहायचे? जे लिहिलेच नाही, ते चित्रित केले नाही म्हणून दुसऱ्याला दोष देण्यात अर्थ नाही.

डॉक्टरांची १०० व्या अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलनाच्या अध्यक्षपदी निवड झाली आणि ते संमेलन २०२४ च्या जानेवारीत पिंपरी-चिंचवडला झाले. पंढरपूरला जन्मलेला हा मुलगा मराठी नाटकाच्या शंभराव्या संमेलनाचा अध्यक्ष झाला, पण तिथे त्यांना कोणी “मराठी छान बोलता” असे म्हटले नसावे. काम बोलू लागले की माणसाची भाषा तपासली जात नाही.

आज आमच्याकडच्या पोरांच्या खिशात कॅमेरा आहे. लग्नाचे चित्रण ते सुंदर करतात, कुंडलिकेवरचा पाऊस टिपतात, मित्रांच्या नकला करतात. त्यांना आमचे सांगणे एवढेच, की कॅमेरा उघडण्याआधी थोडे मराठी वाचा, आणि घरात सत्तरी ओलांडलेले कोणी असेल तर त्यांच्यासमोर वही घेऊन बसा. त्यांची बोली सुधारायला जाऊ नका, जशी कानावर पडेल तशी उतरवा. वही भरली की आणखी कोणाला तरी वाचायला द्या. मोहोळ उतरवायला एकटा माणूस पुरत नाही. दोर धरणारा लागतो, मशाल धरणारा लागतो, आणि खाली उभे राहून हाक देणाराही लागतो.